अटलांटाचं स्टेट कॅपिटॉल : फुकट आहे, जाच, पण ज्युलियन बाँडची गोष्ट वाचून जा

अटलांटात राहून सात वर्षं झाली आणि ऑफिसला जाता-येता हायवेवरून स्टेट कॅपिटॉलचा, म्हणजे जॉर्जिया राज्याच्या विधिमंडळाच्या इमारतीचा, तो सोनेरी घुमट रोज दिसायचा पण आत कधी गेले नव्हते. या वेळी साताऱ्याहून बाबा आले होते, तीस वर्षं नागरिकशास्त्र शिकवलेला माणूस, त्यांना मत्स्यालय आणि कोकचं म्युझियम दाखवून झालं तरी म्हणाले, "अगं, इथली विधानसभा कुठंय?" मग एक दिवस सुट्टी टाकून गेलो, कारण शनिवार-रविवारी बंद असतं.

आधी कामाचं सांगते. एंट्री फुकट, ओळखपत्र जवळ ठेवा, बॅग तपासतात. पार्किंगच्या नादी लागू नका, आम्ही जवळच्या एका प्रायव्हेट लॉटमध्ये गाडी लावली आणि पैसे भरूनसुद्धा काचेवर दंडाची चिठ्ठी मिळाली, दोन तास फोनवर गेले. मार्टाचं, म्हणजे इथल्या मेट्रोचं, जॉर्जिया स्टेट स्टेशन चालत अगदी जवळ आहे, ट्रेननेच या. घुमटावरचं सोनं जॉर्जियातल्याच डॅलोनिगा गावचं, इमारत 1889 ची. लहान मुलं असतील तर चौथ्या मजल्यावरच्या म्युझियममध्ये दोन तोंडांचं वासरू आहे, पेंढा भरून ठेवलेलं, माझा मुलगा तिथून हलेना.

पण माझं खरं म्हणणं असं की आत जायच्या आधी बाहेरच्या आवारात एक शिल्प आहे ते बघा. 1868 साली, म्हणजे गुलामगिरी संपून तीनच वर्षं झालेली, जॉर्जियात पहिल्यांदा काळे प्रतिनिधी निवडून आले आणि त्याच वर्षी त्यांना केवळ रंगावरून सभागृहातून हाकललं, त्या 33 जणांचं हे स्मारक, 1978 मध्ये बसवलेलं. तेव्हा ही इमारत नव्हती, पण सभागृह तेच. बाबा तिथं खूप वेळ उभे होते. आणि मी त्यांना ज्युलियन बाँड या काळ्या आमदाराची गोष्ट तिथंच सांगितली, कारण जवळजवळ शंभर वर्षांनी तेच पुन्हा झालं, या वेळी याच इमारतीत.

बाँडचा जन्म 1940 चा, नॅशव्हिलचा, वडील हॉरेस मान बाँड मोठे शिक्षणतज्ज्ञ, लिंकन युनिव्हर्सिटीचे पहिले काळे अध्यक्ष. पोरगा अटलांटाच्या मोरहाऊस कॉलेजात शिकायला आला आणि शिक्षण अर्धवट टाकून चळवळीत पडला, 1960 मध्ये विद्यार्थ्यांची स्निक नावाची संघटना उभी राहिली त्यात पहिल्यापासून, पुढं प्रसिद्धीचं सगळं काम त्याच्याकडे. 1965 मध्ये अटलांटातून स्टेट हाऊसवर, म्हणजे राज्याच्या विधानसभेवर, निवडून आला, वय 25. शपथविधीच्या चार दिवस आधी स्निकने व्हिएतनाम युद्धाच्या विरोधात पत्रक काढलं, रेडिओवाल्याने फोन करून विचारलं तेव्हा बाँड म्हणाला, हो, मला मान्य आहे. झालं. 10 जानेवारी 1966 ला बाकीच्यांची शपथ झाली आणि याला बाजूला बसवलं, संध्याकाळपर्यंत मतदान, 184 विरुद्ध 12, याला सभागृहात घ्यायचं नाही. तो शपथ घ्यायला तयार होता हो! पण म्हणे ती मनापासून घेणार नाही.

मग जागा रिकामी म्हणून फेब्रुवारीत पोटनिवडणूक घेतली, लोकांनी पुन्हा त्यालाच निवडलं, पुन्हा आत घेतलं नाही, नोव्हेंबरच्या निवडणुकीत लोकांनी तिसऱ्यांदा त्यालाच निवडून दिलं. मला सगळ्यात भिडतं ते हे. बाँड कोर्टात गेला होता, तो निकाल महत्त्वाचा आहेच, 5 डिसेंबर 1966, सुप्रीम कोर्टाने एकमताने, सरन्यायाधीश अर्ल वॉरन यांनी लिहिलेला, की धोरणावर टीका करायचा हक्क साध्या नागरिकाला आहे तसा आमदारालाही आहे आणि शपथेच्या खरेपणावर शंका काढून त्याचं तोंड बंद करता येणार नाही. पण निकाल लागेपर्यंत त्या मतदारसंघाला वर्षभर प्रतिनिधीच नव्हता आणि तरी लोक हटले नाहीत.

हे सगळं सांगून झाल्यावर आम्ही तिसऱ्या मजल्यावर हाऊसच्या दारात जाऊन उभे राहिलो. तुम्ही नुसते गेलात तर लाकडी बाकं, झुंबरं, फोटो काढण्यासारखा हॉल एवढंच दिसेल. आम्हाला मात्र तिथं पंचविशीतला मुलगा एकटा बसलेला दिसत होता. बाबा हळूच म्हणाले, "इतके सगळे एका बाजूला, आणि हा बसून राहिला."

जानेवारी 1967 मध्ये त्याला खुर्ची मिळाली आणि मग तो वीस वर्षं आमदार राहिला, आधी हाऊस, 1975 पासून सिनेट. इथं दोन्हीकडे मुदत दोनच वर्षांची, म्हणजे दर दोन वर्षांनी लोकांपुढं जायचं. सिनेट म्हणजे आपल्या विधान परिषदेसारखं असं मी म्हणाले तर बाबांनी लगेच दुरुस्त केलं, नाही, हे थेट लोकांनी निवडलेले असतात. हाऊसचे 180, सिनेटचे 56, आणि अधिवेशन वर्षाला फक्त 40 कामकाजाचे दिवस, ते ऐकून बाबा चकितच झाले. 1968 मध्ये डेमोक्रॅटिक पक्षाच्या शिकागो अधिवेशनात तर बाँडचं नाव उपराष्ट्राध्यक्षपदासाठी पुकारलं गेलं, वय 28, कायद्याने 35 लागतं, म्हणून त्याने माघार घेतली. 1986 मध्ये काँग्रेसच्या, म्हणजे अमेरिकेच्या संसदेच्या, जागेसाठी चळवळीतला जुना जिवलग मित्र जॉन लुईस समोर उभा, पहिल्या फेरीत बाँड पुढे होता आणि रनऑफमध्ये, म्हणजे दोघांतल्या दुसऱ्या फेरीत, लुईस जिंकला. मला ही हार वाचून अजून वाईट वाटतं, दोघंही आपलेच वाटतात. पुढं त्याने कॉलेजात शिकवलं, 1998 ते 2010 एनएएसीपी या काळ्यांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या संघटनेचा अध्यक्ष होता, 2015 मध्ये गेला.

तर माझ्याकडून पाचपैकी पाच. दोन-अडीच तास काढा, शक्यतो सकाळी. जानेवारीत दुसऱ्या सोमवारी अधिवेशन सुरू होतं, तेव्हा चौथ्या मजल्याच्या गॅलरीत बसून कामकाज बघता येतं. बाबांनी परतीचं तिकीट पुढं ढकलायला लावलंय, म्हणतात, कामकाज बघूनच जाईन.