महालातलं घड्याळाचं दुकान: काम पक्कं, पण आधी पंथाचे नियम समजून घ्या

बाबांचं एचएमटी जनता दिवसाला चार मिनिटं पुढे पळायला लागलं, तेव्हा मी आधी घराजवळच्याच एका दुकानात गेले. तिथल्या पोरानं मागचं झाकणही न उघडता सांगितलं, "मशीन गेली मॅडम. सेलवाली टाकून देतो, तीनशे." बाबा रेल्वेत गार्ड होते. हे घड्याळ त्यांनी १९७६ साली घेतलं आणि रिटायर होईपर्यंत रोज सकाळी दात घासायच्या आधी त्याला चावी दिली. त्यात सेल? मी घड्याळ रुमालात गुंडाळलं आणि घरी आले.

मग ऑफिसातल्या एकानं नागपूरच्या महाल भागातलं हे दुकान सांगितलं. गांधी गेटच्या अलीकडे गल्लीत, पाटी नाही, शटर अर्धं वर. आत एक काका, डोळ्याला भिंग, आणि भिंतभर घड्याळं. पहिल्याच मिनिटाला माझं चुकलं. मधलं मोठं घड्याळ माझ्या मोबाइलपेक्षा तेरा-चौदा मिनिटं मागे होतं, आणि मी बोलून गेले, "काका, तुमचंच घड्याळ मागे आहे की."

"ते मागं नाही ताई. ते नागपूरचं हाय. तुमच्या हातात मिर्झापूरचं हाय."

मग पाच मिनिटं वर्ग भरला. आपली भारतीय वेळ साडेब्याऐंशी अंश रेखांशाची, ती मिर्झापूरजवळून जाते, १ जानेवारी १९०६ पासून लागू. नागपूर त्याच्या साडेतीन अंशांहून जरासं कमी पश्चिमेला. एका अंशाला चार मिनिटं, करा हिशोब. म्हणजे आपण सगळे रोज सूर्याच्या साडेतेरा मिनिटं पुढे धावून राहिलो, असं काकांचं म्हणणं. मी भूगोलात बरी होते, पण हे मला कोणी असं सांगितलं नव्हतं.

आता घड्याळाचं. काकांनी एक छोटं होकायंत्र काढलं, गणपतीच्या फोटोजवळ ठेवलेलं, आणि बाबांच्या घड्याळाजवळ नेलं. सुई सरळ वळली. "घड्याळ कायच्यावर ठेवता?" मी आठवून सांगितलं, रात्री उशाच्या ब्लूटूथ स्पीकरवर. काकांनी कपाळाला हात लावला. स्पीकरमधल्या लोहचुंबकानं बालकमानी भारली गेली होती. केसाएवढ्या त्या कमानीचे वेढे एकमेकांना चिकटले की कमान आखूड झाल्यासारखी वागते आणि घड्याळ पळत सुटतं. निळ्या डब्यासारखं एक यंत्र होतं, त्यावर घड्याळ धरलं, बटण दाबून हळूच वर उचललं. झालं. त्याचे पैसे घेतले नाहीत. पण आतलं तेल वाळलं होतं, म्हणून पूर्ण सर्व्हिसिंग केली. साडेआठशे रुपये. मशीन उघडून मला भिंगातून दाखवली तेव्हा बॅलन्स (मागेपुढे झुलणारं चाक) धडधडत होता, सेकंदाला पाच ठोके. सेलच्या घड्याळातला स्फटिक सेकंदाला ३२,७६८ वेळा थरथरतो, पण तो दिसत नाही ना. हा दिसतो.

आता पंथाबद्दल. नाव मी ठेवलंय, त्यांचा काही आक्षेप नाही. रविवारी सकाळी चार-पाच म्हातारे इथे जमतात. राम राम वगैरे काही नाही, आल्या आल्या विचारतात, "किती?" उत्तर येतं, "सात पुढे." सेकंद. मग एक जण मोबाइलवर दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेची वेळ लावतो (तिथे सीझियमची अणुघड्याळं आहेत, ह्यांचा देव तिथे बसतो) आणि सगळे आपापला फरक वहीत लिहितात. कोणी "पाच मिनिटांत आलो" किंवा "एवढ्यात होईल" म्हटलं की डब्यात दहा रुपये. त्या पैशांचा चहा. चहाची वेळ ठरते पितळी घटिकापात्रावर: बुडाला बारीक छिद्र असलेली वाटी घंगाळात सोडायची, ती चोवीस मिनिटांत बुडते. काकांच्या आजोबांनी ती लग्नांत वापरलेली. आपण "घटका भरली" म्हणतो ते ह्या वाटीमुळे, हे मला पन्नाशीत कळलं. वाटी बुडायच्या आधी चहावाल्या पोराला हाक मारलेली चालत नाही, एकदा मी मारली, सगळ्यांनी असं पाहिलं जसं मी देवळात चपला घालून गेले.

तक्रार एकच, पण मोठी. काकांनी मंगळवारी देतो म्हटलं. मंगळवारी गेले तर, "अजून उभं ठेवून पाहायचं हाय." घड्याळ पाठीवर, पोटावर, चावी वर, चावी खाली, असं वेगवेगळं ठेवून एकेक दिवस फरक पाहतात, म्हणे. असेल. पण मग मंगळवार सांगितला कशाला? सहा दिवस उशीर. ऑफिस सुटल्यावर महालातली गर्दी पार करून दोन चकरा झाल्या माझ्या, वर पेट्रोल. मी बोलले, जरा तोंड वाकडं करूनच. सेकंदांची पूजा करणाऱ्यानं तारीख चुकवावी? काकांनी वाद घातला नाही. खिशातून दहाची नोट काढली, डब्यात टाकली आणि वहीत माझ्यासमोर लिहिलं, "उशीर, सहा दिवस". दंडाचा चहा मी प्यायले, साखर जास्त होती.

घड्याळासोबत एक चाळीस पानी वही मिळते आणि ती भरायचा हुकूमही. मी पहिले चार दिवस कंटाळत भरली. आता तीन महिने झाले. दिवसाला साधारण बारा सेकंद पुढे, म्हणजे ८६,४०० सेकंदांत बारा. काकांच्या भाषेत अर्धं पळ (एक पळ म्हणजे चोवीस सेकंद). नव्या सेलच्या घड्याळाला एवढ्यावर परत केलं असतं, ह्याला मी करणार नाही. बाबांच्या काळीही एवढंच पुढे जात असावं, ते रोज स्टेशनच्या घड्याळाशी मिळवून घेत.

सेलची घड्याळं नेऊ नका, काका हातही लावत नाहीत. घाई असेल तर जाऊच नका. गाडी गेटच्या बाहेर लावा, गल्लीत वळत नाही. अकराला उघडतं म्हणजे अकराला. मी एकदा दहा अठ्ठावन्नला शटर वाजवलं. आत खुडबूड ऐकू येत होती, पण उघडलं नाही.