आठ महिन्यांच्या श्रवणानंतर: उताडा हिकारू यांचा ‘सिंगल कलेक्शन व्हॉल्यूम १’

पुण्यात जपानी शिकत असताना उच्चार कानावर पडावेत, एवढ्याच हेतूने मी जपानी गायिका उताडा हिकारू यांच्या सिंगल्सचा, म्हणजे सुटी प्रसिद्ध झालेल्या गाण्यांचा, हा संग्रह ऐकायला घेतला. त्याला आता आठ महिने होत आले आहेत आणि आठवड्यातून दोनदा तरी तो पहिल्या गाण्यापासून शेवटच्या गाण्यापर्यंत ऐकला जातोच.

मार्च २००४ मध्ये तो प्रसिद्ध झाला तेव्हा उताडा अवघ्या २१ वर्षांच्या होत्या, आणि त्या वर्षी जपानमध्ये सर्वाधिक खपलेला अल्बम हाच ठरला. यातली १५ गाणी ज्या क्रमाने बाजारात आली त्याच क्रमाने लावलेली आहेत. माझ्या मते संग्रहाचे खरे बळ या साध्या मांडणीतच आहे, कारण डिसेंबर १९९८ च्या ‘टाइम विल टेल’ आणि ‘ऑटोमॅटिक’मधला पंधरा वर्षांच्या मुलीचा आवाज २००३ च्या ‘कलर्स’पर्यंत कसा पिकत जातो, हे एका बैठकीत ऐकता येते.

‘ऑटोमॅटिक’च्या पहिल्या ओळीत सातव्या घंटेला फोन उचलला जातो. त्यातल्या ‘नानाकाइमे’ (सातव्या वेळी) या शब्दाचा पहिला ‘ना’ सुटा पडतो आणि घंटेसाठीचा ‘बेरु’ हा शब्दही मधोमध तुटतो. वर्गात हेच शब्द सलग म्हणायला शिकल्यामुळे पहिले काही आठवडे मला ती ओळ उमगलीच नाही. आपल्या छंदशास्त्राने याला यतिभंगाचा, म्हणजे विरामाने शब्द मधेच तोडण्याचा, दोष लावला असता. इथे मात्र पलीकडून फोन उचलला जाण्याची वाट पाहणाऱ्याचा अडकलेला श्वास त्या तुटण्यात ऐकू येतो.

‘फर्स्ट लव्ह’ सर्वांच्या परिचयाचे आहे. मी अधिक रमले ती ‘ट्रॅव्हलिंग’मध्ये. शुक्रवारी दुपारी चटकन टॅक्सी मिळाल्याच्या आनंदात सुरू होणाऱ्या या नाचऱ्या गाण्यात ‘हेइके मोनोगातारी’ या मध्ययुगीन युद्धकथेच्या आरंभीचे, वसंतरात्रीच्या स्वप्नाचे आणि वाऱ्यापुढच्या धुळीचे शब्द येतात, आणि ते कुठेही उपरे वाटत नाहीत.

एक उणीव मात्र जाणवते. संग्रह फक्त सिंगल्सचा असल्यामुळे ‘डीप रिव्हर’ या अल्बमचे शीर्षकगीत यात नाही आणि मूळ ‘डिस्टन्स’ही नाही. ओसाकातील शाळेवर २००१ मध्ये झालेल्या हल्ल्यात मरण पावलेल्या एका मुलीच्या स्मृतीला अर्पण केलेले ‘फायनल डिस्टन्स’ हे त्याच गाण्याचे संथ रूप आहे, त्यामुळे मूळ गाणे शेजारी हवे होते.

ऐकताना क्रम मोडू नये, एवढे आवर्जून सांगेन. ‘फायनल डिस्टन्स’नंतर लगेच ‘ट्रॅव्हलिंग’ लागते, आणि तिथे मी अजूनही हातातले काम थांबवते.