वकीलसाहेबांनी आधी माझी मशीन बघितली (पाचपैकी साडेतीन तारे)

मी लालबागला ब्लाउज शिवते. फेब्रुवारी २०१९ मध्ये भारतमाता सिनेमाजवळ रस्ता ओलांडताना टेम्पोने उडवलं आणि उजव्या घोट्याचा चुरा झाला. प्लेट, स्क्रू, मग प्लेट काढायला परत ऑपरेशन. आता तो घोटा खाली दाबला जात नाही. भरपाईचा दावा ज्या वकिलांनी चालवला त्यांच्याबद्दल लिहितेय. निम्मी तक्रार आहे, म्हणून नाव देत नाही.

वॉर्डात असतानाच एक जण कार्ड वाटत आला होता. "आत्ता एक पैसा नको, मिळेल त्यातले पंचवीस टक्के द्या." भावाने त्याला बाहेर काढलं. नंतर कळलं की वकिलाने निकालाच्या पैशात असा हिस्सा ठरवणं बार कौन्सिलच्या नियमातच बसत नाही. आमच्या वकीलसाहेबांनी ठरावीक फी सांगितली, चार हप्त्यांत घेतली, प्रत्येकाची पावती दिली.

पण माझा विश्वास बसला तो वेगळ्याच गोष्टीने. कागद बघायच्या आधी ते दुकानात आले. अर्धा तास स्टुलावर बसून बघत राहिले. मी कटिंग कशी करते? उभ्याने, टेबलावर वाकून. मोटार लावलेली मशीन कशी चालते? तीही पायानेच, वेग पायडलवर कमी-जास्त करायचा. कटोरीच्या गोलाईवर टाके घालताना तर पाय हळूच सोडावा लागतो, नाहीतर कापड गोळा होतं. हे सगळं त्यांनी लिहून घेतलं.

त्याचा उपयोग दोन वर्षांनी झाला. डॉक्टरांनी दिलेल्या अपंगत्वाच्या दाखल्यावर लिहिलंय, उजव्या पायाचं ३५ टक्के कायमचं अपंगत्व. मला वाटलं होतं ३५ टक्के म्हणजे ३५ टक्के पैसे. तसं नसतं. ते ३५ पायापुरते. सगळ्या शरीराचे धरले तर कमी होतात. आणि कोर्टाला खरं बघायचं असतं ते तिसरंच: कमाई किती बुडाली. सुप्रीम कोर्टाने २०१० साली राजकुमार विरुद्ध अजयकुमार या निकालात उदाहरण दिलंय, ते वकीलसाहेबांनी मला चहा पिता पिता सांगितलं. डावा हात गेलेला ड्रायव्हर किंवा सुतार असेल तर त्याची कमाई जवळजवळ शंभर टक्के गेली. तोच हात सरकारी कारकुनाचा गेला तर नोकरी राहू शकते. म्हणजे दुखापत एकच, पण हिशोब दोन.

टेम्पोच्या विमा कंपनीच्या वकिलांनी उलटतपासणीत मला विचारलं, "शिवणकाम हाताने करतात ना? हात तर चांगले आहेत." मी म्हटलं, "साहेब, तुम्ही गाडी पण हातानेच चालवता का?" जजमॅडम खाली मान घालून लिहीत होत्या, पण हसल्या असाव्यात. मग पायडलचं सगळं सांगितलं.

नुसता दाखला जोडून भागत नाही. डॉक्टरांना साक्षीला बोलवावं लागतं, नाहीतर समोरची बाजू तो कागद उडवते. आमचे डॉक्टर यायला तीन तारखा गेल्या. वकीलसाहेब मागे लागले नसते तर आलेच नसते.

हिशोब त्यांनी माझ्याच मापाच्या वहीत मांडून दाखवला. माझं उत्पन्न महिना १८ हजार, पण इन्कम टॅक्सचा कागद नाही. कोर्टाने ऑर्डरच्या वह्या बघून १२ हजार धरले. याचा मला अजून राग आहे. त्यावर भविष्यातल्या वाढीचे २५ टक्के, कारण मी तेव्हा ४३ वर्षांची आणि धंदा स्वतःचा (हा दर प्रणय सेठी निकालाने २०१७ मध्ये ठरवला). झाले १५ हजार, वर्षाचे १ लाख ८० हजार. मग वर्षाच्या कमाईला वयाप्रमाणे ठरलेल्या आकड्याने, म्हणजे गुणकाने, गुणतात. ४१ ते ४५ वयाला गुणक १४, तो सरला वर्मा निकालातला, २००९ चा. गुणाकार २५ लाख २० हजार. विमा कंपनी म्हणत होती, यातले १२ टक्के द्या, म्हणजे जेमतेम तीन लाख. कोर्टाने कमाईचं नुकसान ३० टक्के मानलं: ७ लाख ५६ हजार. मृत्यूच्या दाव्यात माणसाचा स्वतःचा खर्च वजा करतात. तो इथे करत नाहीत, कारण मी जिवंत आहे आणि जेवते.

बाकी हॉस्पिटलची बिलं, सात महिने बुडालेलं काम, वेदनांचे वेगळे, सगळं मिळून ११ लाख ६८ हजार, वर अर्ज केल्या दिवसापासून साडेसात टक्के व्याज. निम्मे पैसे कोर्टाने एफडीत टाकायला लावले.

आता दीड तारा का कापला ते. हाजी अलीला फिजिओथेरपीच्या व्यायामाला मी कित्येक महिने टॅक्सीने गेले. पावत्या ठेवा हे मला पहिल्या दिवशी कोणी सांगितलं नाही, सांगितलं तेव्हा व्यायाम संपत आला होता. प्रवास, आहार, मदतीला ठेवलेली बाई, सगळ्याचे मिळून ठोक ४० हजार मिळाले. दुसरं, तारखेला दर वेळी नवीन ज्युनियर. एकाने कोर्टाच्या दारात विचारलं, "ताई, कोणता पाय?" मी काठी घेऊन उभी! आणि फोन उचलत नाहीत. व्हॉट्सअ‍ॅपवर दोन निळ्या टिका दिसायच्या, बस.

भरपाईचा अर्ज आम्ही अपघातानंतर आठ महिन्यांनी केला होता, तेव्हा चाललं. १ एप्रिल २०२२ पासून सहा महिन्यांत करायची अट कायद्यात आली आहे, तेव्हा प्लास्टर निघायची वाट बघू नका.

कटिंगला आता एक मुलगी ठेवली आहे. पायडल मी डाव्या पायाने शिकले, गोलाई अजून नीट येत नाही. वकीलसाहेबांच्या मिसेसचे दोन ब्लाउज महिनाभर माझ्याकडे पडून आहेत, फक्त हुक लावायचे राहिलेत. परवा त्यांचा फोन आला. मी त्यांना पुढची तारीख दिली.