धोलावीरा: आधी पाणी, मग शहर

आमचं माहेर आटपाडीकडचं. टँकर यायच्या आधी घागरी रांगेला लावण्यात लहानपण गेलं. म्हणून कच्छला जायचं ठरलं तेव्हा यांना आणि मुलांना पांढरं रण हवं होतं आणि मला धोलावीरा, म्हणजे तिथलं हडप्पा संस्कृतीचं प्राचीन शहर.

तिथे गावातलेच वाटाडे मिळतात. आमच्या वाटाड्याने तीन तासांचे सातशे रुपये घेतले. त्याचे वडील उत्खननावर मजुरीला होते. १९९० च्या सुमारास पुरातत्त्वज्ञ आर. एस. बिष्ट यांनी सुरू केलेलं ते काम पुढे दीडेक दशक चाललं.

बालेकिल्ल्याकडे त्याने आधी नेलंच नाही. "पाणी जसं गेलं, तसं चालू या," म्हणाला. उत्तरेला मानसर, दक्षिणेला मनहर. दोन्ही ओढे पावसापुरते वाहणारे. त्यांना दगडी बांध घालून पाणी वळवायचं आणि तटाला लागून खोदलेल्या हौदांत साठवायचं, हा साडेचार हजार वर्षांपूर्वीचा उद्योग. पूर्वेकडचा हौद सुमारे ७३ मीटर लांब, २९ मीटर रुंद आणि १० मीटर खोल आहे. काठावर उभं राहिल्यावर आमच्या गावचं पाझर तळं आठवलं, जे होळीआधीच आटायचं. दक्षिणेचे हौद तर खडकातच कोरून काढलेत.

बालेकिल्ल्यातली विहीर पाहताना मात्र मी खाली बसले. काठाच्या दगडावर दोर काचून खाचा पडल्यात. आमच्या वाड्यातल्या आडालाही तशाच होत्या. पोहरा ओढताना आजीचा दोर बरोबर त्याच खाचेत बसायचा.

अखेरच्या काळात इथे गोल झोपड्या बांधून राहणारी माणसं आली. आजचे कच्छी भुंगे, म्हणजे तिथली मातीची घरंही गोलच. हे त्याने बांधकामाचा पाया दाखवून सांगितलं, तेव्हा मुलंसुद्धा मोबाईल खिशात ठेवून ऐकत होती.

एक तक्रार आहे. सिंधू लिपीतल्या दहा चिन्हांच्या प्रसिद्ध फलकाबद्दल तो दोनच वाक्यं बोलला आणि संग्रहालय दहा मिनिटांत उरकलं. तिथे अर्धा तास हाताशी ठेवाच. अवशेषांत सावली नाही, सकाळी आठलाच पोचा. काही वाटाडे दरवाजा आणि एक हौद दाखवून पाऊण तासात मोकळे होतात, तेव्हा पैसे ठरवतानाच सांगा: दोन्ही ओढ्यांचे बांध दाखवणार असाल तरच.