जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचा मोफत वकील: अपघाती मृत्यूच्या दाव्यातील आमचा अनुभव

मार्च 2023 मध्ये महामार्गावर मालट्रकने दिलेल्या धडकेत माझा 34 वर्षांचा धाकटा भाऊ गेला. मागे त्याची पत्नी, दोन लहान मुले आणि आमची आई राहिली. भरपाईचा दावा आम्ही जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाने नेमून दिलेल्या वकिलांमार्फत मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात चालवला. त्या सेवेबद्दल लिहीत आहे, कारण ज्यांना तिची सर्वाधिक गरज असते त्यांनाच तिची माहिती नसते. आम्हालाही नव्हती. शवागाराबाहेर बसलो असतानाच एक मध्यस्थ कोरे वकीलपत्र घेऊन आला आणि मिळणाऱ्या रकमेतील 25 टक्के मागू लागला. भावजयीने त्या दिवशी कशावरही सही केली नाही, हे आमचे भाग्य.

विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, 1987 नुसार स्त्रिया आणि बालके यांना मोफत वकील मिळण्यासाठी उत्पन्नाची अट नाही. कार्यालय जिल्हा न्यायालयाच्या आवारातच आहे. अर्ज, ओळखपत्र, एफआयआर, घटनास्थळाचा पंचनामा, शवविच्छेदन अहवाल आणि ट्रकच्या विम्याचा तपशील एवढे घेऊन गेलो आणि तीन आठवड्यांत वकील मिळाले. मोटार वाहन कायद्यातील दुरुस्तीनंतर, म्हणजे 1 एप्रिल 2022 पासून, दावा अपघातापासून सहा महिन्यांत दाखल करायचा असतो. आमचा पाचव्या महिन्यात दाखल झाला. दुःखात हे महिने कसे सरतात ते कळत नाही, म्हणून ही मुदत मी मुद्दाम सांगते.

वकिलांनी पहिल्याच भेटीत दोन गोष्टी सांगितल्या, त्यांचे मोल आम्हाला पुढे कळले. मोटार वाहन कायद्याच्या कलम 164 खाली चालकाची चूक सिद्ध न करता मृत्यूपोटी 5 लाख रुपये मिळतात, पण ती रक्कम स्वीकारली की न्यायाधिकरणातील दावा संपुष्टात येतो. तेव्हा घाईने होकार देऊ नये. आणि भरपाई कुणाच्या मर्जीवर ठरत नाही, तिचा हिशेब असतो. सर्वोच्च न्यायालयाच्या 2009 आणि 2017 च्या निकालांनी तो बराचसा ठरवून दिला आहे, आणि तो आम्हाला कागदावर मांडून दाखवण्यात आला. भाऊ घरगुती वायरिंगची कामे करी. महिना 15,000 रुपये उत्पन्न धरले. स्वयंरोजगारी आणि चाळिशीच्या आतला म्हणून भावी वाढीचे 40 टक्के मिळवून 21,000 झाले. अवलंबित चार असल्याने त्याच्या स्वतःच्या खर्चाचा चौथा हिस्सा वजा करून 15,750 उरले. वर्षाचे 1,89,000, आणि 31 ते 35 वयोगटासाठी गुणक (वर्षाच्या रकमेला ज्याने गुणायचे तो वयानुसार ठरलेला आकडा) 16, म्हणून 30,24,000 रुपये. अंत्यविधीचा खर्च आणि आप्तांच्या सहवासाला मुकल्याबद्दलच्या रकमा याखेरीज.

येथेच सेवेतील मोठा दोष आमच्या ध्यानात आला. दाव्याच्या पहिल्या मसुद्यात आईचे नाव अर्जदारांत नव्हते. अवलंबित तीन धरले असते तर वजावट एक-तृतीयांश झाली असती आणि एवढ्या एका नावापायी 3,36,000 रुपये कमी झाले असते. आम्ही दाखवून दिल्यावर वकिलांनी तत्काळ दुरुस्ती केली, पण एकेका वकिलाकडे प्रकरणांचा ढीग असतो आणि मसुदा कुटुंबाने स्वतः वाचणे भाग आहे. पुढे आमचे वकीलही एकदा बदलले, तेव्हा नव्या वकिलांना सारे पहिल्यापासून सांगावे लागले, त्यात दोन तारखा वाया गेल्या.

विमा कंपनीने आयकर विवरणपत्र नाही, एवढ्यावर बोट ठेवून उत्पन्न 9,000 रुपयेच मानले, भावी वाढ वगळली आणि तेरा लाखांच्या आतला प्रस्ताव दिला. भावाची कामांची वही, बँकेतील नोंदी आणि विद्युत सामानाच्या दुकानाची बिले वकिलांनी चिकाटीने पुराव्यात आणली नसती, तर तोच प्रस्ताव आमच्या गळी उतरला असता. ज्या घरात कमावणारा रोख व्यवहारात काम करतो, तिथे अशी वही जपून ठेवणे फार महत्त्वाचे आहे.

अखेर 2025 मध्ये लोक अदालतीत 31 लाखांवर तडजोड झाली. व्याजाचा बराचसा भाग आम्ही सोडला आणि मला तो निर्णय आजही योग्य वाटतो, कारण निकालावर अपील झाले असते तर मुलांची शाळेची वर्षे तारखांत गेली असती. मात्र लोक अदालतीच्या निवाड्यावर अपील होत नाही, म्हणून सही करण्यापूर्वी हिशेब स्वतः पुन्हा मांडून पाहावा. वकिलांना आम्ही एक रुपयाही दिला नाही. खर्च झाला तो प्रमाणित प्रती आणि प्रवास यांवर.

ठोकरून पळालेले वाहन सापडलेच नाही तर मार्ग वेगळा आहे: मृत्यूसाठी 2 लाखांची योजना असून अर्ज उपविभागीय अधिकारी किंवा तहसीलदार यांच्याकडे जातो. त्यासाठीही विधी सेवा कार्यालयाची मदत घेता येते.

मुलांचा हिस्सा ती सज्ञान होईपर्यंत मुदत ठेवीत आहे आणि त्याचे व्याज दर तिमाहीला भावजयीच्या खात्यात जमा होते. आईने तिच्या हिश्शातून पहिल्यांदा काढलेले पैसे नातीच्या शाळेच्या फीसाठी होते.