काळावर ताबा असलेला बेडूक: टेबलटॉप गेमचा मॉन्स्टर सेट, खेळून बघितल्यावर

रोलप्लेइंग गेममध्ये काळाशी खेळणारे मॉन्स्टर ढिगाने आहेत पण बहुतेकांची गत एकच, कुठलातरी जादूगार नाहीतर ड्रॅगन घ्यायचा, हातात वाळूचं घड्याळ द्यायचं आणि "हा वेळ थांबवतो" असं लिहून मोकळं व्हायचं. कशी थांबवतो, त्याबदल्यात त्याला काय सोसावं लागतं, काहीच नाही. या बेडकाच्या सेटमध्ये मला आवडलेली मुख्य गोष्ट हीच की पाचपैकी चार शक्तींच्या मागे खरा, जिवंत उभयचर आहे आणि बनवणाऱ्याने त्याचा नीट अभ्यास केलाय. पाचव्या कार्डात हे सुटलंय आणि तिथेच सेट ढेपाळतो, त्याबद्दल पुढे सांगतो.

बॉक्समध्ये रेझिनची एक मोठी मिनी (म्हणजे मॉन्स्टरची मूर्ती), पाच पॉवर कार्डं, अंड्यांचे टोकन आणि छोटी नियमपुस्तिका. मिनी बघण्यासारखी आहे. अंग गुबगुबीत बेडकाचं, पण मानेला अ‍ॅक्सोलॉटलसारखे (मेक्सिकोतला पाण्यात राहणारा उभयचर) पिसासारखे कल्ले, आणि बेसवर बेडूकमाशांची रांग कोरलीय. ती रांग नुसती शोभेची नाही हं, प्राचीन इजिप्तच्या चित्रलिपीत बेडूकमाशाचं चिन्ह म्हणजे १,००,००० हा आकडा. आणि तिथे हेह नावाचा अनंत काळाचा देव होता, हर्मोपोलिस या तिथल्या शहराच्या आठ आदिदेवांपैकी एक, त्या आठांमधले चारही पुरुष देव बेडकाच्या डोक्याचे दाखवायचे. हेहच्या हातात वर्षं मोजायच्या खाचा पाडलेल्या खजुराच्या काड्या असतात, त्याच काड्या या मिनीच्या पाठीवर आहेत. पुस्तिकेत याबद्दल दोनच ओळी आहेत, अख्खं पान द्यायला हवं होतं.

आता कार्डं. पहिलं गोठण्याचं. हे वुड फ्रॉगवरून घेतलंय, तो हिवाळ्यात खरंच गोठतो, अंगातल्या पाण्याचा साधारण दोन तृतीयांश भाग बर्फ होतो, हृदय बंद, श्वास बंद, यकृतातून सुटलेलं ग्लुकोज पेशींना वाचवतं आणि थंडी सरली की पुन्हा हृदय सुरू होऊन बेडूक उठतो. कार्डावर पण तसंच, बेडूक गोठला की त्याला कुणी काही करू शकत नाही पण तो पण काही करू शकत नाही, आणि वितळायला एक पूर्ण टर्न जातो त्यात त्याला फटके बसतात. म्हणजे वेळ थांबवायची किंमत तो स्वतः मोजतो. आमच्या ग्रुपमध्ये त्या वितळायच्या टर्नची वाट बघत सगळे शस्त्रं परजून उभे राहिले होते, एवढं टेन्शन कुठल्याच ड्रॅगनने दिलं नव्हतं.

दुसरं कार्ड माझं सगळ्यात लाडकं. लाल डोळ्यांचा झाडावरचा बेडूक पाण्यावर झुकलेल्या पानांवर अंडी घालतो, आणि सापाने अंडी खायला सुरुवात केली की आतली पिल्लं त्या हादऱ्यावरून धोका ओळखून ठरलेल्या वेळेच्या कितीतरी आधी काही सेकंदांत बाहेर पडून खाली पाण्यात उड्या घेतात. पाऊस पडला तर मात्र शक्यतो हलत नाहीत, पावसाचा हादरा वेगळा हे त्यांना कळतं! जीवशास्त्रज्ञ कॅरेन वॉर्केन्टिन यांनी १९९५ मध्ये हे लवकर फुटणं दाखवून दिलं. गेममध्ये तुम्ही अंड्यांच्या टोकनवर हल्ला केलात की बेडूकमासे टर्न नसताना बाहेर येतात, पण अर्ध्या ताकदीचे, कारण खऱ्या निसर्गात पण लवकर फुटलेली पिल्लं कच्ची असतात आणि पाण्यातल्या शिकाऱ्यांना सोपी सापडतात. ही बारकी गोष्ट पण सोडली नाही म्हणून बनवणाऱ्याचं मनापासून कौतुक.

तिसरं अ‍ॅक्सोलॉटलचं, ज्याच्यावर पडेल तो पुन्हा कोवळा होतो, जखमा भरतात पण शिकलेलं कौशल्य जातं. चांगलंय. अ‍ॅक्सोलॉटल पिल्लाच्या रूपातून बाहेर न पडताच प्रजनन करतो हे सगळ्यांना माहीत असतं, पण १८६४ साली पॅरिसला नेलेल्या अ‍ॅक्सोलॉटलच्या काही पिल्लांचं पुढच्या वर्षी कल्ले गळून जमिनीवरच्या प्राण्यात रूपांतर झालं होतं, आणि आता आपल्याला कळतं की थायरॉइडच्या हार्मोनने ते घडवता येतं. म्हणून कार्डावर उतारा म्हणून एक औषध दिलंय ते पटतं.

चौथं ओल्मवरचं, सगळ्यांना मंद करणारं. गुहेतला हा आंधळा प्राणी वर्षानुवर्षं उपाशी राहू शकतो, आणि एक ओल्म तब्बल २,५६९ दिवस त्याच जागी सापडत राहिला अशी नोंद २०२० मध्ये आली. कार्ड ठीक, पण खेळताना लांबतं, चारपेक्षा जास्त प्लेयर असतील तर वापरू नका.

आणि पाचवं, "मागे फिरव". गेलेला राउंड पुसून टाकायचा. मला हे अजिबात पटलं नाही. एक तर कुणी जीव ओतून मारलेला फटका नुसत्या कार्डाने गायब होतो, प्लेयर वैतागतात, आणि दुसरं म्हणजे कुठलाच उभयचर असं काही करत नाही, त्यामुळे बाकी चार कार्डांनी बसवलेला विश्वास इथे तुटतो. खरंतर उत्तर मिनीच्या मानेवरच आहे, अ‍ॅक्सोलॉटलचा तुटलेला पाय हाड, स्नायू, मज्जातंतूंसकट परत उगवतो, पण त्याला आठवडे लागतात. गेलेलं परत येतं, गेलेली वेळ येत नाही. आम्ही तोच नियम लावला, बेडकाचा तुटलेला अवयव तीन राउंडनंतर परत येतो, तोवर तुम्हाला संधी, आणि लढाई लगेच रंगली.

मिनीच्या क्वालिटीबद्दल, कास्टिंग स्वच्छ आहे पण कल्ल्यांचे दांडे फार बारीक, बॉक्समधून काढताना त्यांना धरून उचलू नका, बेसला धरा. चिकटवायच्या आधी कोमट साबणाच्या पाण्याने धुवा, नाहीतर प्राइमर (रंगाआधीचा थर) नीट बसत नाही. काड्या शेवटी लावा, आधी लावल्या तर पाठ रंगवायला ब्रश आत जात नाही.

नवीन गेम मास्टरने (म्हणजे खेळ चालवणाऱ्याने) घ्यावा का? घ्या, पण पहिल्या वेळी गोठण्याचं आणि अंड्यांचं अशी दोनच कार्डं काढा, पाची एकदम काढली तर हिशेब ठेवता ठेवता लढाईची मजा जाते.