ज्येष्ठता यादीच्या भांडणासाठी जळगावचे वकीलसाहेब: 5 पैकी 4

नाव लिहीत नाही. वकिलांना जाहिरातीची बंदी असते, त्यामुळे "माझं नाव कुठे टाकू नको, ताई" असं त्यांनीच बजावलंय. आमच्या अमळनेर-चोपड्याकडच्या जुन्या बँक कर्मचाऱ्यांना "फूटपट्टीवाले वकील" विचारा, कुणीही पत्ता देईल.

मी एका नागरी सहकारी बँकेत क्लार्क. 14 जून 1999 ला रुजू झाले. आधीच्या सगळ्या याद्यांत माझं नाव जागेवर होतं. 12 डिसेंबर 2018 ला अंतिम ज्येष्ठता यादी लागली आणि माझ्यामागून लागलेले तिघं माझ्या वर. त्यातला एक तर 1 सप्टेंबर 1999 चा. बढती त्याच यादीवरून होणार होती. प्रारूप यादी लागली तेव्हा मी हरकत घेतली होती, पण तोंडी, साहेबांच्या केबिनमध्ये. अंतिम यादीनंतरही "बघू, बघू" करत अडीच महिने गेले.

5 मार्च 2019 ला पॅसेंजरने जळगाव गाठलं. ऑफिस दुसऱ्या मजल्यावर, जिना अंधारा, बाहेर तीन प्लास्टिकच्या खुर्च्या आणि आठ माणसं. दीड तासाने आत गेले. वकीलसाहेब अहिराणीत म्हणाले, "आठे बठ, ताई" (इथे बस). यादीची तारीख बघितली, बोटांवर हिशेब केला आणि कपाळाला हात लावला. "एवढा उशीर कसाले कया व?" (एवढा उशीर का केलास?) अनुचित कामगार प्रथांच्या 1971 च्या कायद्यात तक्रारीला 90 दिवस असतात आणि माझा 83 वा दिवस होता. उशीर माफ होऊ शकतो, पण त्याला सबळ कारण लागतं. केबिनमधला चहा हे कारण होत नाही.

मग त्यांनी यादीवर स्टीलची फूटपट्टी ठेवली, माझ्या ओळीखाली. रुजू दिनांक, कायम दिनांक, दोन्हींवर लाल पेन. मी रुजू आधी, पण कायम 6 सप्टेंबर 2000 ला. तो पोरगा 1 सप्टेंबरला. पाच दिवस! "हे 84 दिवस कशाचे?" बाळंतपणाच्या रजेचे. तेव्हा 12 आठवडे मिळायची. तेवढ्याने माझा परिविक्षा काळ (प्रोबेशन) लांबवला होता आणि नवी यादी कायम झाल्याच्या तारखेवर लावली होती. इतकी वर्षं त्या रकान्याकडे मीच कधी बघितलं नव्हतं. मुलगी तेव्हा इंजिनिअरिंगला होती.

त्यांचं मला सगळ्यात आवडलेलं काम म्हणजे त्यांनी मला दोन चुकीच्या दारांवरून परत फिरवलं. मी सहकार न्यायालयात जायच्या तयारीत होते, कारण बँक सहकारी. ते म्हणाले, सहकार कायद्यातलं कलम 91 संस्थेच्या कारभाराच्या वादांसाठी आहे, नोकरीच्या अटींचं भांडण तिथलं नाही. मग मी माहिती अधिकाराचा अर्ज काढला. त्यावर सर्वोच्च न्यायालयाचा 2013 चा केरळचा निकाल सांगितला: सहकारी संस्था सरसकट सार्वजनिक प्राधिकरण, म्हणजे या कायद्याने माहिती द्यायला बांधील, ठरत नाहीत. अर्ज परत पिशवीत गेला. सेवापुस्तकं त्यांनी औद्योगिक न्यायालयातच बँकेला हजर करायला लावली. तक्रार चौथ्या अनुसूचीतल्या बाब 5 खाली, म्हणजे गुणवत्ता न बघता काहींना झुकतं माप. 11 मार्चला दाखल, 89 वा दिवस.

पहिल्याच भेटीत हेही सांगितलं, की बढती हा हक्क नाही, बढतीसाठी विचार होणं हा हक्क आहे. घरी येऊन मी रडले, पण पुढची तीन वर्षं ते वाक्य उपयोगी पडलं. बढत्यांना स्थगिती मिळाली नाही, फक्त "निकालाच्या अधीन" असा शेरा आला. मध्ये कोरोनात कोर्टच बंद. 2022 मध्ये निकाल लागला: यादी नेमणुकीच्या तारखेवर लावा आणि बाईंचा विचार करा. पुढे मानीव दिनांक मिळाला, म्हणजे बढती आधीच्या तारखेपासून झाली असं धरलं, वेतननिश्चिती झाली. मधल्या काळातल्या पगाराचा फरक मिळाला नाही, त्या पदावर काम केलं नाही म्हणून. त्यावर वकीलसाहेबांनी अर्धा तास समजावलं, तरी मला ते अजून पटलेलं नाही.

एक तारा कापला तो ऑफिससाठी. ज्युनिअर फोन उचलत नाही. दोनदा तारीख पुढे गेल्याचं मला कोर्टात पोचल्यावर कळलं, म्हणजे रजा वाया, तीही मे महिन्यात. मसुदा इंग्रजीत होता, मराठीत मागितल्यावर टायपिस्टने रुजू दिनांक 1999 चा 1989 केला. मी वाचला म्हणून सापडला. फी 22 हजार झाली, तीन हप्त्यांत. पावती मागितल्याशिवाय मिळत नाही, मागितली की लगेच मिळते.

बँक उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात गेली, तर तिथे ते उभे राहत नाहीत, दुसरं नाव देतात. शनिवारी जाऊ नका, गर्दी असते. नेमणूकपत्र, कायम केल्याचा आदेश आणि आधीच्या सगळ्या याद्या न्या. फूटपट्टी त्यांच्याकडे आहे.